लॅपटॉपबाबतचे कलम चार

मी, मधुसूदन यशवंत पारखी, वय ७१, चाकणच्या एका कारखान्याच्या मेंटेनन्स विभागातून निवृत्त, राहणार मोशी, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. गुडघे सोडले तर माझे सगळे ठिकाणावर आहे. कोणी दडपण आणलेले नाही. आणले असते तरी मी ऐकले नसते, हे पत्नी सांगेल.

१. मोशीचा फ्लॅट व बँकेतील ठेवी पत्नी सौ. पद्मजा हिला. यावर चर्चा नको.

२. माझी सर्व हत्यारे, मल्टिमीटरसकट, मुलगा केयूर यास. तो संगणक इंजिनिअर आहे, पण त्याला एकही स्क्रू उघडताना मी पाहिलेले नाही.

३. केयूरने एका दिवाळीत माझा चांगला चालणारा संगणक भंगारवाल्याला देऊन दोन प्लॅस्टिकच्या बादल्या घेतल्या. त्यातली एक अजून बाथरूममध्ये आहे. तीही त्यालाच.

४. लॅपटॉप २०१२ सालचा. यावर नवी सिस्टिम चालणार नाही, असे बनवणाऱ्या कंपनीनेच जाहीर केले आहे. मी ती चालवतो. त्यावर पद्मजा आठवड्यातून तीनदा मोडी लिपीचा ऑनलाइन वर्ग घेते. दर अपडेटनंतर वायफाय आणि आवाज जातो; मग पेन ड्राइव्हवरून पॅच, म्हणजे दुरुस्तीचा प्रोग्राम, पुन्हा चढवावा लागतो. केयूर म्हणतो, "बाबा, नवा घेऊन देतो, सोडा ना तो." पद्मजाचा हात याच कीबोर्डवर बसला आहे, तिला नवा नको. सबब लॅपटॉप केयूरला, या अटीवर की आई शिकवते तोवर त्याने पॅच चढवावा. कृती निळ्या वहीत आहे. माझे अक्षर लागत नाही अशी सर्वांची तक्रार असल्याने मी आहे तोवर विचारून घ्यावे. माझ्यामागे तिचा वर्ग बंद पडेल, ही एकच धास्ती मला आहे.

इथवर लिहून झाले आणि मी नऊ दिवस पिंपरीला इस्पितळात होतो. घरी आलो तर अपडेट होऊन गेलेले आणि वर्ग चालू. वर्ग संपल्यावर पद्मजाला विचारले, पॅच केयूरने चढवला का?

"मी चढवला. वही वाचून."

"माझं अक्षर लागलं?"

"दोनशे वर्षांपूर्वीच्या कारकुनांचं लागतं, तुमचं न लागायला काय झालं? पाचवी पायरी तुम्ही दोनदा लिहिली होती. एक खोडली."

चार वर्षे मी ती दोनदा करत आलो. दर वेळी तासभर जास्त. आधी मला वाईट वाटले. मग बरे वाटले, इतके की दुपारी गाढ झोप लागली.

५. कलम ४ रद्द. लॅपटॉप पद्मजाचाच आहे. तो कोणाला देण्याचा मला अधिकार नाही. निळी वही केयूरला. अक्षर न लागल्यास आईला विचारावे.

साक्षीदार:
१. रोहिदास बोराटे, शेजारी. ("साहेब, फ्लॅटला एक ओळ आन् मशिनीला पानभर व्हय?" असे म्हणून सही केली.)
२. नवनाथ कड, कारखान्यातील जुने सहकारी.

ठिकाण: मोशी
दिनांक: ९ जुलै २०२५

(सही) म. य. पारखी
वाचता येत नसल्यास पद्मजा सांगेल.