ठमीचं गजकर्ण

८ नोव्हेंबर
माझ्या अनूच्या मानेवर गोल चट्टा. कडा लाल, मधली कातडी बरी. शाळेतल्या बाई म्हणाल्या, उष्णता. उष्णता म्हणे! आमच्या ठमी मांजरीला मांडीवर घेऊन उजेडात धरलं. कानाच्या कडेचे केस गेलेत, नाकावर रुपयाएवढी जागा. केस गळलेले नाहीत, मोडलेत, खुंट राहिलेत. वर राखेसारखा कोंडा. खाजवत नाही, म्हणून कुणाच्या लक्षात आलं नाही. पोरीला आणि मांजरीला एकच आहे, गजकर्ण. माझी खात्री.

९ नोव्हेंबर
आबांना सांगितलं. सासरे म्हणून पदर सावरून, मान ठेवून. आयुष्य मेंढरांमागं गेलं त्यांचं, जनावराच्या रोगात त्यांचाच शब्द शेवटचा. लांबूनच बघितलं. "खरूज हाय. मेंढराच्या गोचिडाचं औषध हाय, त्येच चोपड." बाटली घेऊन आलेसुद्धा. उग्र वास. मी ठमीला उचलून आत गेले. मांजर दिवसभर अंग चाटतं, एवढं मला कळतं.
आबा ओट्यावरून ओरडले, "मग पोत्यात घाला न् घाटात सोडून या! पोरीच्या मानंपतूर आलंय."
हे गप्प. नेमक्या वेळी गप्प बसण्यात पटाईत. रात्री मधला मार्ग काढला: दवाखान्यात न्यायची. बरी झाली तर राहील, नाहीतर पोतं.

११ नोव्हेंबर
वडूजच्या दवाखान्यात म्हशी आणि बैल. तिथल्यांनीच कराडच्या डॉ. बाईंचा पत्ता दिला. टोमॅटोच्या क्रेटमध्ये ठमी, वर जाळी, गाडीवर मागं मी. बाईंनी खोलीत अंधार करून निळसर दिवा धरला. कानाकडचे केस हिरवे चमकले! सगळ्यांचे चमकत नाहीत म्हणे, हिचे चमकले. चार केस उपटून तपासणीला घेतले.
"कुणी ओळखलं?"
मी म्हटलं, मी.
गोचिडाच्या औषधाचं सांगितलं तर म्हणाल्या, लावलं असतंत तर मांजर हातची गेली असती. मी ह्यांच्याकडे बघितलं. फार बरं वाटलं.
वजन करून पोटातलं औषध. आठवड्यातून दोनदा औषधी आंघोळ. वेगळी खोली. अनूला माणसांच्या डॉक्टरकडे, मनानं कुठलीही ट्यूब लावायची नाही, काहींनी गजकर्ण उलट वाढतं. नणंदेनं मेडिकलमधून आणलेली लावत होतो. चट्टा का पसरत होता ते आता कळलं.

१६ नोव्हेंबर
अडगळीची खोली रिकामी केली. फरशी रोज ओल्या फडक्यानं पुसायची, झाडलं की केस उडतात. आंघोळ म्हणजे युद्ध. औषध अंगावर मुरेपर्यंत धरून ठेवायची, ती मला शिव्या देत असते. पोटातलं औषध पिचकारीनं. पहिल्यांदा सगळं माझ्याच तोंडावर. आता आधी सुकट दाखवते, मान वळली की गालात सोडते. शिकले.
आबा जाता जाता, "मांजरीचं बाळतपण चाललंय."

५ डिसेंबर
नाकावर नवी लव! अनूची मान साफ.
हिराकाकू पिल्लू घेऊन आल्या, "आवं वैनी, ह्येला बी त्येच झालंय का बगा की." केस बाजूला करून बघितलं. पिसवा. तसं सांगितलं, तरी डॉक्टरला दाखवा म्हटलं. गावात मला मांजराची डॉक्टर म्हणायला लागलेत. हसू देत. माझी ठमी बरी होते आहे आणि तिचा रोग मी ओळखला.

२ जानेवारी
पुन्हा तपासणीला केस दिले होते. बुरशी आहेच. शिवाय पंजावर नवी जागा.
डॉ. बाई फोनवर: "केस आले म्हणजे रोग गेला असं नसतं. ती कुणाच्या अंथरुणावर जाते का?" कुणाच्याच नाही, मी ठणकावून सांगितलं. कडी बाहेरून असते.
हे म्हणाले, आता काय करायचं? म्हणजे पोतं. मी रडले. आबा पोत्याचं एक अक्षर बोलले नाहीत. उठून बाहेर गेले.

५ जानेवारी
आबांची घोंगडी उन्हात टाकायला उचलली. काळ्या लोकरीवर पिवळे केस. घरात ठमीशिवाय पिवळं कुणी नाही.
मी पहाटे धारा काढायला जाते तेव्हा कडी कोण काढतं ते कळलं. घाटात सोडा म्हणणारे आबा! आधी राग आला, मग हसू, मग भरून आलं. आणि भर दुपारी सुद्धा पैरणीच्या बाह्या मनगटापर्यंत. सुनेनं सासऱ्याला बाही वर करा कसं म्हणायचं?

६ जानेवारी
म्हटलंच.
"आबा, बाही वर करा."
"जा तिकडं."
"ठमीला येतंय ते तुमच्याकडनं येतंय, तुम्हाला तिच्याकडनं. असं झालं तर ती कधीच बरी व्हायची नाही."
आबांनी बाही वर केली. दंडापर्यंत चट्टे. एवढे दिवस सोसत होते.
"पहाटं लय वरडती गं ती. मेंढरं इकल्यापास्नं अंगाशी कोण निजतंय माझ्या?"
मी चहा ठेवला.

१० जानेवारी
आबा कराडला, कातडीच्या डॉक्टरकडे. कधी कुणापुढे अंग उघडं न केलेला माणूस. डॉक्टरांनी विचारायच्या आत म्हणाले, "सुनंनं वळखलं. मी मेंढरातला, मला न्हाई वळखाय आलं." बाकावर बसलेल्या सगळ्यांनी ऐकलं. मला कुठं बघावं कळेना, पण ऊर भरून आला होता.
घोंगडी दोनदा साबणानं धुवून कडक उन्हात वाळवायची. त्यांच्याच मेंढरांच्या लोकरीची आहे, धुतल्यावर आकसणार. मला हात लावू दिला नाही. विहिरीवर स्वतः धुतली.

१८ जानेवारी
ठमीचे केस पुन्हा तपासणीला गेले. बाई म्हणाल्या, वेळ लागेल, बुरशी उगवते का ते बघावं लागतं. हे पोत्याचं बोलत नाहीत, पण अहवाल काय येतो याची वाट बघतायत. मीही.
धारा काढून आले तर आबा ठमीच्या खोलीबाहेर बसलेले, पाठ दाराला. ती आतून ओरडत होती. "हाय गं मी. हितंच हाय. गप," म्हणत होते. कडी लावलेली होती.