डिस्क मोकळी पायजे

बाई, आज दुपारपासून मी लॅपटॉपवरचे खेळ काढून टाकत बसले आहे आणि मला तुमचा राग येतो आहे. तुम्हाला जाऊन सोळा वर्षं झाली, त्यामुळे या रागाची झळ तुम्हाला लागायची नाही. तशी ती तेव्हाही लागत नसे. सक्करदऱ्यात तुमच्या टायपिंग इन्स्टिट्यूटमध्ये मी एकोणिसाव्या वर्षापासून अडीच वर्षं येत होते, आणि तेवढ्या काळात तुम्ही माझ्याकडे चष्म्याच्या वरून बघितलंत, चष्म्यातून कधी नाही. माझ्या बोटांबद्दल तुमचं मत चांगलं होतं. बाकी माझ्याबद्दल तुम्ही सगळ्या वर्गासमोर जे म्हणायच्या ते मला अजून पाठ आहे. "इचे बोटं धावते, पण डोकं घरीच ठेवून येते."

तर डोकं घरी ठेवणारी ती मुलगी आता प्रताप नगरात घरीच डीटीपीचं काम करते. सध्या एका निवृत्त साहेबांचं आत्मचरित्र लावायला घेतलं आहे. मजकूर दीडशे पानं आणि फोटो चारशे. हार घालताना साहेब, हार घालून घेताना साहेब, फीत कापताना साहेब, कापलेल्या फितीकडे बघताना साहेब. प्रत्येक फोटो असा जाडजूड, की अर्धे हारही चढले नव्हते तेव्हा लॅपटॉपने हात टेकले. जागा नाही म्हणाला. साहेबांचा एकही हार वगळायची सोय नाही, तशी त्यांनी ताकीदच दिली आहे. म्हणजे काढायचं ते माझंच काहीतरी. नवरा दारातून म्हणाला, "गेम काढ ना सारे. पंचेचाळीसची झाली, अजून ट्रॅक्टर चालवून राहिली." स्वतः तो दिवसभर मोबाइलवर रंगीत गोळ्या फोडतो, पण त्याला तो डोक्याचा आराम म्हणतो.

यादी उघडली तेव्हा कळलं की मी किती भुक्कड माणूस आहे. सतरा खेळ निघाले. एक तलवारींचा, चाळीस जीबीचा. मी त्यात पहिल्या पुलापलीकडे कधी गेले नाही, कारण पुलावर एक राक्षस उभा असतो. त्याने मला इतक्यांदा मारलं की शेवटी मी तो खेळ उघडायचंच सोडलं, पण राक्षसाला दीड वर्ष घरात पोसलं. एक स्वस्तात मिळाला म्हणून घेतलेला, उघडलेलाच नाही. एकात खानावळ चालवायची असते. म्हणजे घरचा स्वयंपाक आटोपून मी तिथे न दिसणाऱ्या गिऱ्हाइकांसाठी पुन्हा कांदा चिरत बसत होते, आणि ते फुकटात नाही, विकत घेऊन. हे खेळ बनवणारे लोक मुलाखतींमधून नाकाने कांदे सोलतात, आम्ही गोष्ट सांगतो, आम्ही कला करतो. माणूस करतो काय, तर एक बटण दाबतो आणि पाठ दुखवून घेतो. सोळा खेळ काढताना मला काहीसुद्धा वाटलं नाही. काढायचं का विचारलं की हो, खरंच का विचारलं की हो. सतरावा राहिला आहे. तो शेतीचा आहे. त्यात मी चार वर्षांपासून धान लावते आहे.

धान म्हटलं की तुम्ही आणि तुमचे उतारे आलेच. मराठी टायपिंगच्या सरावाला उतारे लागतात, आणि बाकीच्या इन्स्टिट्यूटमध्ये त्यासाठी छापील पुस्तक असायचं. तुम्हाला छापील पुस्तक चालत नसे. त्यातलं मराठी सरकारी आहे म्हणायच्या. म्हणून तुम्ही स्वतः उतारे लिहायच्या, शब्द मोजून, प्रत्येक उतारा नेमका परीक्षेएवढा. विषय कायम एकच, रामटेकजवळचं तुमचं माहेर. धानाच्या बांध्या, चिखल, बैल, तुमची आई. पण परीक्षेसाठी अवघड अक्षरंही यायला हवीत, म्हणून तुमच्या आईच्या शेजारी बांधावर कारण नसताना एखादा ज्ञानी पुरुष येऊन उभा राही, किंवा यज्ञ सुरू होई, किंवा क्षत्रिय पाणी मागे. आम्ही पोरी तोंडात ओढणी कोंबून हसायचो. असे एकशे आठ उतारे तुम्ही तीन वर्षांत लिहिलेत आणि तुमच्या टेबलावरच्या कॉम्प्युटरमध्ये एका फोल्डरात ठेवलेत. कागदावरच्या प्रती सराव झाला की रद्दीत जात. महाल भागातला एक छापखानेवाला त्यांचं पुस्तक करायला तयार झाला होता. तुम्ही त्याबद्दल कधी बढाई मारली नाहीत, पण त्या दिवसांत तुम्ही मला एकदा पाणी दिलंत, आपणहून, म्हणजे तुम्ही फारच खुशीत असणार.

इन्स्टिट्यूटमध्ये अकरा टाईपरायटर होते आणि कॉम्प्युटर दोन. रंगीत पडद्याचा एकच, तुमचा. तुम्ही दुपारी जेवायला मागच्या स्वयंपाकघरात गेलात की मी त्यावर मोटारींचा खेळ खेळायचे. मैत्रिणीच्या भावाने चार फ्लॉप्यांवर आणून दिला होता. चार रंग, एक रस्ता, आणि मोटार आपटली की डब्यात खडा टाकल्यासारखा आवाज. आज कुणी फुकट दिला तरी मी तो घेणार नाही. पण तेव्हा मला त्यापुढे परीक्षा, नोकरी, घरी येणारी स्थळं, सगळं कचरा वाटायचं. तुम्ही दर आठवड्याला मशीन तपासायच्या, म्हणून खेळ लपवायला मी अशी जागा शोधली की जिथे तुम्ही कधी शोधणार नाही. तुमच्या उताऱ्यांच्या फोल्डरच्या आत मी माझं एक फोल्डर केलं. स्वतःच्या देवघरात कोण झडती घेतो?

मग तो शनिवार आला. परीक्षेआधी सरावाचा नवा प्रोग्राम टाकायचा होता, आणि मशीन म्हणालं जागा नाही. तुम्ही स्वयंपाकघरातून हात पुसत आलात, पडद्याकडे बघितलंत, मग आमच्या सगळ्यांकडे. "ह्याच्यावर कोणी गेम टाकला, मले माहीत आहे. नाव नाही घेत. माय-बाप पोटाले चिमटा काढून फी भरते अन् पोरी इथं मोटारी उडवून राहिल्या. ज्या हातानं टाकला त्याच हातानं काढायचा. संध्याकाळी मले डिस्क मोकळी पायजे." नाव घेतलं नाहीत खरं, पण बोलताना चष्म्याच्या वरून माझ्याकडेच बघत होतात, आणि सगळ्या पोरीही माझ्याकडे बघू लागल्या. माझे वडील तेव्हा आजारी होते आणि फी खरोखरच तशी भरली जात होती. ते तुम्हाला माहीत होतं. एवढं बोलून तुम्ही परत आत गेलात, भाजी खाली लागत होती म्हणून.

पुढचं मी आजवर जिला-ज्याला सांगितलं, नवऱ्यालासुद्धा, ते असं. मी तुमच्या खुर्चीत बसले. कान तापले होते. तेव्हा काळ्या पडद्यावर हुकूम टाईप करावा लागे, आणि अख्खं फोल्डर पोटातल्या सगळ्यासकट उडवायचा एक हुकूम होता. रागाच्या भरात माझ्याकडून आतल्या फोल्डरऐवजी बाहेरच्याचं नाव टाईप झालं. मशीनने विचारलं, काढू का? मी न वाचता वाय दाबलं. रागात वाचत कोण बसतं? डिस्क मोकळी झाली. तुमचा प्रोग्राम बसला. तुम्ही येऊन बघितलंत आणि म्हणालात, "हं. झालं ना आता?" मी हो म्हणाले. ही गोष्ट मी चांगली रंगवून सांगते, लोक हसतात, शेवटी अरेरे म्हणतात.

सोमवारी तुम्हाला कळलं. तुम्ही आरडाओरडा कराल म्हणून मी दाराजवळच्या टाईपरायटरवर बसले होते, पण तुम्ही खुर्ची मागे सारून उठलात. मग कपाटातून फ्लॉपी काढलीत, जिच्यावर एक प्रत ठेवली होती. तिला पावसाळ्यात बुरशी आली होती आणि मशीनने ती वाचायला नकार दिला. मेकॅनिक आला. त्याने बराच वेळ मशीन उघडून ठेवलं आणि शेवटी, व्हायरस असेल मॅडम, म्हणाला. काहीही समजलं नाही की हे लोक व्हायरस म्हणतात, तेव्हाही आणि आताही. तुम्ही माझ्याकडे वळलात. "तुनं शनिवारी काढलं तवा दिसत होते काय वं माहे उतारे?" मी म्हणाले, हो बाई, होते. त्या गाढवाचा व्हायरस मी दोन्ही हातांनी उचलला.

तुम्ही मग जे केलंत त्यासाठी मी तुम्हाला मूर्ख म्हणते, अजूनही. आठवतील तेवढे उतारे पुन्हा लिहून काढायचे ठरवलंत, आणि उतरवून घ्यायला निवडलंत कुणाला, तर मला, कारण सगळ्यांत वेगाने माझीच बोटं चालायची. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या. दोन महिने रोज दुपारी तुमच्या स्वयंपाकघरात ओट्याच्या कडेला टाईपरायटर मांडून मी बसायचे. तुम्ही सांबार, म्हणजे कोथिंबीर, निवडता निवडता सांगायच्या. गोळाभाताचे गोळे वळताना सांगायच्या. उतारा क्रमांक एकोणचाळीस माझ्या बोटांना अजून येतो: "रोवणीच्या दिवसांत आमच्या घरी चूल उशिरा पेटे. आईच्या पायांना भेगा पडत आणि त्या भेगांत चिखल वाळून बसे. तो धुऊन निघत नसे. दिवाळीपर्यंत थांबावे लागे." इथे तुम्ही थांबलात. हाताला पीठ तसंच. "याच्या पुढं काय होतं वं? तुनं तर कितीकदा टाईप केला तो." मला येत होतं. पुढे ज्ञानी पुरुष होता, तो आईला पाय दाखव म्हणतो. मी म्हणाले, आठवत नाही बाई. काहून असं म्हणाले, ते मला तेव्हाही कळलं नाही. एकविसाव्या उताऱ्यानंतर तुम्ही म्हणालात, "ऱ्हाऊ दे. होता तसा येऊनच नाही राहिला." छापखानेवाल्याला निरोप गेला.

परीक्षा पास झाले त्या दिवशी तुम्ही मला ते एकवीस कागद दिलेत, निळ्या फायलीत, नाडी बांधून. "तुह्या हातचे आहेत, तुह्याजवळच ठेव. माह्याजवळ राहिलं की हरवते." त्या एका दिवशी मात्र तुम्ही चष्म्यातून बघितलंत. मी फाईल घेतली, वाकून नमस्कार केला, आणि घरी येऊन ती ट्रंकेत टाकली. तेव्हापासून माझ्या घरात कॉम्प्युटर आले नि गेले, एकाहून एक मोठे, आणि माझा धंदाच मुळी लोकांचं लिहिलेलं टाईप करून पुस्तक करायचा. मी साहेबांचे हार लावते आहे, त्यांच्या साडूंच्या कविता छापल्या, जिला बूड ना शेंडा अशी एक पीएच.डी. छापली. तुमचे एकवीस कागद टाईप करायला एक दुपार पुरे. ते सगळे मिळून त्या पुलावरच्या राक्षसाच्या एका नखाएवढीही जागा घेणार नाहीत. तुमच्या आजारपणात मी एकदा भेटायला आले होते, तेव्हा तुम्ही विचारलंत, फाईल आहे ना? आहे म्हणाले. ते मात्र खरं होतं. ती आता माळ्यावर आहे, कुलरच्या पाठीमागे.

तुमची इन्स्टिट्यूट होती तिथे मोबाइलच्या कव्हरांचं दुकान झालं आहे, तेव्हा हे पत्र पाठवायला पत्ताही नाही. असता तरी पाठवलं नसतं. साहेबांचे उरलेले हार वाट बघत आहेत, जागा अजून थोडी कमी पडते. सतरावा खेळ पडद्यावर उघडा आहे. त्यात माझी सात एकर धानाची शेती आहे, चार वर्षांची, आणि तिथली बाई उन्हात दिवसभर वाकून परे, म्हणजे धानाची रोपं, लावते, तिच्या पायांना कधी काही होत नाही. काढायला गेले तर पाटी आली की याबरोबर आजवर जपलेलं सगळं जाईल आणि परत मिळणार नाही. खाली खेळाचं नाव लिहिलं आहे. मी ती पाटी तीनदा वाचली. फुकटच्या चिखलासाठी पंचेचाळिसाव्या वर्षी माझा हात थांबतो.

त्या शनिवारीही मशीनने प्रश्नात नाव लिहिलं होतं, बाई. पडद्याच्या मधोमध, मोठ्या इंग्रजी अक्षरांत, उतारे. मी ते वाचलं होतं.