आखाजीचा मुराळी

६ एप्रिल

आले एकदाची सुरतेला! लग्नाला महिना उलटला तरी मी गावी आणि नवरा इथे, असलं काहीतरी चाललं होतं. आता लिंबायतमध्ये आमचं घर आहे. खाली एक खोली, वर एक खोली, मधे लोखंडी जिना. जिना इतका उभा की साडी सावरत चढताना कुलदैवत आठवतं. गल्लीत दोन्हीकडे लूमचे कारखाने, दिवसभर नुसतं खटाखट खटाखट. हे बंद कधी होतं, असं मी योगराजला विचारलं, तर म्हणाला, बंद पडलं तर घाबर, चालू असेपर्यंत सगळं ठीक आहे.

आत्याबाईंनी, म्हणजे सासूबाईंनी, दारात भाकरतुकडा ओवाळून टाकला. नळावर बायका अहिराणीत भांडत होत्या, ते ऐकून तर मला परकं वाटेचना. शेजारच्या जागृतीबेन तेवढ्या गुजराती. आल्या आल्या वाटीभर खमण देऊन गेल्या.

आणि खरी मजा वरच्या खोलीत! योगराज साड्यांच्या प्रिंटची डिझाइनं करतो, म्हणून घरी दणकट कॉम्प्युटर आहे, आणि त्यात तो चिखलातून गाड्या काढायचा गेम. मी कॉलेजात असताना मैत्रिणीकडे हाच खेळायचे. मला वाटलं होतं आता जन्मभर भाकऱ्याच थापायच्या.

९ एप्रिल

योगराजने कबूल केलं की त्याला मॉड टाकता येत नाहीत. मॉड म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवलेल्या जादा गाड्या, जादा रस्ते. कंपनीचे नव्हेत, हौसेचे. याने दहा-बारा उतरवून ठेवलेले, एकही चालत नव्हता. बघते तर काय, फोल्डरच्या आत फोल्डर, त्याच्या आत अजून फोल्डर! मी ते बाहेर काढलं, जुन्या व्हर्जनचे उडवले, आणि आपला देशी टेम्पो धाडकन रशियातल्या बर्फात उभा. मागे ‘हॉर्न ओके’ लिहिलेलं. योगराज इतका खूश झाला की आत्याबाईंना वर बोलावून दाखवलं. त्या म्हणाल्या, एवढ्या बर्फात कोणाच्या वरातीला निघालात.

दुपारी घरात मी एकटी असते. माझं बूड एका जागी टेकत नाही, हे आई म्हणते ते खरंच. इकडून तिकडे, जिना वर, जिना खाली. बाबांची आठवण येते. अर्धांगवायूनंतर त्यांना माझ्या हातचंच जेवण गोड लागायचं.

१२ एप्रिल

आज आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा, विषय निघाला आणि माझं डोकंच फिरलं. पहिली आखाजी लेकीने माहेरीच करायची, हे मला कोणी शिकवायला नको. पण आत्याबाई म्हणतात, मुराळी आला तरच पाठवीन. योगराजने सोडून यायचं नाही, मी एकटीने बसने जायचं नाही. गल्लीत नाव जाईल म्हणे, सुनेला न्यायला कोणी आलं नाही.

जागृतीबेनना मुराळी काय ते कळेना. मी सांगितलं, सासरी येऊन बहिणीला माहेरी घेऊन जातो तो भाऊ. त्यांनी साहजिकच विचारलं, मग तुझा भाऊ कधी येणार?

मला भाऊच नाही. मी एकटी लेक. लग्नात कानपिळीला चुलतभाऊ श्रीरंग उभा राहिला, त्याने योगराजचा कान पिळला आणि शर्टपीस पटकावला. आज फोन केला तर म्हणतो, माझी परीक्षा आहे. कान पिळायला बरा वेळ होता मेल्याला! आई म्हणाली, बाबा रोज विचारतात, हर्षू कधी येते. मी मोरीत जाऊन रडले.

१४ एप्रिल

मॉडच्या साइटवर काय सापडलं असेल? आपल्याकडचा रस्ता! साक्री, धुळे, पारोळा, बोरी नदी. फोटोही आपल्याच मातीचे, काळे. बनवणाऱ्याचं नाव ‘बोरीकाठचा’. लगेच टाकला. धुळ्याच्या अलीकडचं रसवंतीचं दुकानसुद्धा आहे, माय वं! त्याच्याबरोबर एक मळकट पांढरी पिकअपही आली.

हे लोक नकाशा वाढवायला फोटो मागतात, ती पद्धतच आहे. मी खाली लिहिलं की पारोळ्याच्या पुढे आमचं गाव आहे, ते घ्या ना. तासाभरात उत्तर आलं, फोटो पाठव, सासरचे पण पाठव, सुरतेपर्यंत नेतो. मी गावचे पाठवले, गल्लीचा पाठवला, दाराचा पाठवला. आणि मस्करीत लिहिलं, भाऊ, रस्ता बनवताच आहात तर आखाजीला मला न्यायलाच या.

उत्तर एका शब्दाचं. ‘येतो.’

मला इतकं हसू आलं. योगराजला सांगितलं तर म्हणाला, फुकटचा मेव्हणा मिळाला.

१७ एप्रिल

नवीन भाग आला. आमचं गाव! ओटा, कडुनिंब, बाबांची खाट सगळं जागच्या जागी. कडुनिंबाला झोका बांधलाय. आखाजीला बांधतात तसा. फोटोत झोका नव्हता. पण आपल्याकडचाच माणूस दिसतो, त्याला माहीत असणार.

पिकअप आमच्या ओट्यापाशी उभी केली आणि बराच वेळ नुसती बघत बसले. घरी जाऊन आल्यासारखं वाटलं.

२० एप्रिल

या गेममध्ये गाडी जिथे सोडाल तिथेच राहते. चिखलात रुतली तरी रुतलेली सापडते. मी ओट्यापाशी सोडलेली पिकअप आज साक्रीपाशी होती. मला वाटलं योगराजने चालवली. तो आईची शपथ घेऊन नाही म्हणाला. उलट मलाच चिडवलं की तुझा भाऊ निघाला वाटतं.

मी परत गावी नेऊन ठेवली. इंजिन बंद केलं. गेम बंद केला. स्वयंपाकात लक्ष लागेना, वरणात दोनदा मीठ पडलं.

२२ एप्रिल

कोंडाईबारीचा घाट. पिकअप घाटात उभी, दारापर्यंत चिखल. एवढा चिखल त्या नकाशात नाहीच, मी सगळा फिरलेय. ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर उशी ठेवली आहे. बाईमाणसाला लांबचा प्रवास असला की ठेवतात तशी.

मॉड काढून टाकला. नकाशा, गाडी, सगळं. कचऱ्याची टोपलीही रिकामी केली. मग कंपनीचा मूळ नकाशा उघडला, तो रशियातला बर्फाचा. मॉड नसला की गाडी दिसायलाच नको.

बर्फात ती उभी होती. काळ्या मातीच्या चिखलाने भरलेली. शेजारी रस्त्याची पाटी, तिच्यावर नवापूर.

साइटवर जाऊन लिहिलं, भाऊ, मस्करी होती, येऊ नका. उत्तर नाही. पान उघडतं आणि माझंच वाक्य दिसतं, न्यायलाच या.

मीच माझ्या पायावर धोंडा पाडून घेतला.

२४ एप्रिल

आईचा फोन. एकदम खुशीत. म्हणाली, बाबा आज दोन घास जास्त जेवले, लखन निघाला म्हणून. मी विचारलं, कोण लखन? आई आधी हसली, मग रागावली. सणासुदीचं भावावर रुसू नये म्हणाली. मी ओरडले की मला भाऊ नाही. तिकडे आई बाबांना सांगताना ऐकू आली की पोरगी असं काय बोलते.

बाबांनी फोन घेतला. त्यांची जीभ अडखळते, पण हे स्पष्ट बोलले. लखनला जेवल्याशिवाय पाठवू नको.

लूमची खटखट चालू आहे. चालूच आहे.

२५ एप्रिल

योगराजला सगळं सांगितलं. खूप रडले. त्याने जवळ घेतलं, डोकं थोपटलं, आणि म्हणाला, माहेरच्या ओढीने होतं असं, लखन आला की बरं वाटेल. मी विचारलं, तू तरी — तुझा कान कोणी पिळला लग्नात? श्रीरंग ना? तो कान चोळत म्हणाला, लखननेच की, अजून दुखतो.

मोबाइलमध्ये लग्नाचे फोटो आहेत. कानपिळीच्या फोटोत श्रीरंग नाही. कोणीतरी पाठमोरा उभा आहे. शर्ट ओला. पाठीवर चिखलाचे ओघळ. माझ्याच लग्नात, माझ्या शेजारी, आणि मी त्या फोटोत हसते आहे —

श्रीरंगला फोन लावला. त्याने उचलला. म्हणाला, लखनदादा असताना मी कशाला येऊ?

२७ एप्रिल

कॉम्प्युटरची वायर काढून ठेवली आहे. तरी मला माहीत आहे. काल व्यारा, आज बारडोली, मग कडोदरा. कसं कळतं, सांगता येत नाही. डोळे मिटले की रस्ता दिसतो, त्या सीटवरून दिसतो, उशीच्या बाजूने.

आत्याबाईंनी पुरण घातलंय. सांजोऱ्या, कुरडया, आमरस. माझी बॅग भरली. त्यांना म्हटलं, मी जात नाही. मला माहेरी जायचंच नाही. त्या हसल्या. दारात आलेल्या मुराळ्याला रिकामा परतवला तर अपशकुन असतो, एवढंच म्हणाल्या.

पळून जाऊ? कुठे? घरी गेले तर — घरीच तर तो न्यायला येतोय.

२८ एप्रिल, दुपार

जागृतीबेनचीच काय ती आशा होती. त्यांना आधी सांगून ठेवलं होतं की मला भाऊ नाही. त्यांना ते पटलंही होतं. आता त्याच खालून ओरडल्या, हर्षदा, तमारो भाई आव्यो!

वरून पाहिलं. गल्लीत पांढरी पिकअप. टायरमधून चिखल गळतोय. इथे पाऊस कुठे आहे? रस्ता तापून धूर निघतोय आणि याचा चिखल ओला —

तो आत आला. जिन्यावरून वाकून पाहिलं. आत्याबाईंनी पाय धुवायला पाणी दिलं. पाय धुतले तरी चिखल येतच राहिला. आत्याबाई फडक्याने पुसताहेत, पुन्हा पुसताहेत, आणि हसताहेत. योगराज शेजारी बसून वाढतोय. सगळं ऐकू येतं. त्याचा आवाज तेवढा नाही. ते बोलतात, थांबतात, मग हसतात.

आता मी वर. दाराला कडी. लिहून ठेवते, म्हणजे विसरणार नाही.

मला भाऊ नाही.

मी हर्षदा. एकटी लेक. आईला दुसरं मूल झालं नाही. मला भाऊ नाही. मला भाऊ —

नंतर

बॅग योगराजने उचलून नेली. गाडीत ठेवली. कडी लावली होती ना मी? दार उघडंच आहे.

लूम थांबले. सगळे.

जिन्यावर कोणी नाही. चिखल आहे, प्रत्येक पायरीवर. वर आलेला. खाली गेलेला नाही.

मी लहान असताना बोरीला पूर आला होता. दादाने मला खांद्यावर — नाही. खोटं. मी बाबांच्या खांद्यावर होते. दादा नव्हता. दादा मागे —

नाही, दादानेच. पाणी छातीपर्यंत होतं, तो म्हणाला, घाबरू नको हर्षू, धरून ठेव. मी हात सोडला. माझ्याकडून सुटला. मग तो कुठे —

उशी किती मऊ ठेवलीय त्याने. उन्हं कलायच्या आत निघायला हवं, बाबा वाट बघत असतील. किती वेळ ताटकळत ठेवायचं भावाला. आले रे दादा, चप्पल तेवढी घालते आणि