दोन कुलपांची लाल सेना

८ सप्टेंबर, सोमवार

संपादकांचा जालन्याहून फोन. रविवारच्या पुरवणीत अर्धं पान रिकामं पडलंय – मोतीबिंदूवाल्या डॉक्टरांनी जाहिरात काढून घेतली. "शास्त्री, महायुद्ध संपून ऐंशी वर्षं झाली. रशियाच्या लाल सेनेवर लिहा. इतिहास आणि संघटना. पाच भाग." म्हटलं, साहेब, मी एम. ए. संस्कृत. "मंग काय झालं? सेना तर तुमच्यात बी असती की."

असते. अक्षौहिणीत हत्ती किती, घोडे किती, मला झोपेतून उठवून विचारा. स्टालिनच्या सेनेत हत्ती नव्हते, एवढंच आज खात्रीनं सांगू शकतो.

मोतीबिंदूच्या जागी मी. वाचकांची दृष्टी आता देवाच्या भरवशावर.

१० सप्टेंबर

वाचतोय. प्रकरण मजेदार आहे. प्रत्येक पलटणीवर दोन माणसं. एक सेनापती – त्याला लढाई कळते. दुसरा कमिसार, म्हणजे पक्षाचा माणूस – त्याला सेनापती कळतो. हुकूम सेनापतीनं काढायचा. पण कमिसारची सही नसेल तर तो हुकूमच नव्हे. शत्रू दारात, आणि इकडं सहीसाठी कमिसार शोधताहेत. जर्मन आत घुसले त्या १९४१च्या जुलैत ही पद्धत मुद्दाम परत आणली. आपल्याकडं राजाजवळ पुरोहित असायचा, पण मुहूर्त काढून दिला की तो दक्षिणा घेऊन घरी जायचा.

साधनाला वाचून दाखवलं. म्हणाली, "आपल्या घरासारखंच की. हुकूम तुमचा, सही माझी."

यावर चांगलं उत्तर सुचलं होतं. दिलं नाही. सही मिळाली नसती.

१४ सप्टेंबर, रविवार

पहिला भाग आला. चुका दाखवायला सकाळी सकाळीच कॉम्रेड तातेराव हजर. हे निवृत्त मास्तर, वाटूरच्या पक्षशाखेचे सेक्रेटरी. शाखेत सभासद दोन. दुसरे रखमाजीनाना – शेतकरी, आणि एके काळी मोर्चांचे पुढारी. दोघांनी ऐन तारुण्यात रशियाहून येणारी गुळगुळीत मासिकं वाचून लाल सेना तोंडपाठ केली. बाकी गावानं त्या मासिकांची शाळेच्या पुस्तकांना कव्हरं घातली. माझ्या भूमितीवर एक हसरी ट्रॅक्टरवाली बाई होती. भूमिती बरी गेली.

"शास्त्रीबुवा, कमिसारला तुम्ही पुरोहित म्हणले. हे बराबर न्हाई."

"मग काय म्हणू?"

"सदसद्विवेक म्हणा. तुमच्यातलाच शब्द हाय."

जन्मभर संस्कृत घोकून मला सुचला नाही तो शब्द कम्युनिस्टाला सुचला. चहा पाजला. आणखी काय करणार.

१६ सप्टेंबर

फाट्यावर टपरीजवळ रखमाजीनानांनी गाठलं. "शास्त्री, बेचाळीसचा ऑक्टोबर गाळू नका. नऊ तारखेला कमिसारांचा अधिकार काढून घेतला. एक सेना, एक सेनापती. मंग बघा, स्टालिनग्राड जितलं का न्हाई?"

म्हटलं, तातेरावांचं मत वेगळं आहे.

"त्याचं मत वायलंच असतंय. म्हणून तर कुलूप लावून बसलाय."

कुलपाची हकीकत अशी. फाट्यावर या दोघांचं ऑफिस आहे: पत्र्याची एक खोली, वर लाल झेंडा, जो उन्हानं आता गुलाबी झालाय. एका तपापूर्वी शेतमजुरांचा मोर्चा निघाला. नाना म्हणाले, परतूरला तहसीलवर. तातेराव म्हणाले, जालन्याला कलेक्टरवर. ठरलं काहीच नाही, मोर्चा मात्र निघाला. वाटूर फाट्यावर, भर रस्त्यात, नानांनी परतूरकडं हात केला, तातेरावांनी जालन्याकडं. काही इकडं गेले, काही तिकडं. शहाणे होते ते टपरीवर बसले. मी बातमी दिली होती: 'मोर्चाचा दोन्ही दिशांना प्रभाव'.

दुसऱ्या दिवशी तातेरावांनी ऑफिसला आपलं कुलूप घातलं – कमिसारच्या संमतीशिवाय दार उघडायचं नाही. नानांनी शेजारच्या कडीला आपलं घातलं – सेनापतीशिवाय तर नाहीच नाही. तेव्हापासून दोन कुलपं. दोघं मिळून आले तर दार उघडणार, आणि दोघं मिळून येणार नाहीत. बोलणं तेव्हापासून बंद. संस्कृतात द्विवचन आहे म्हणून मला निदान ही माणसं समजतात. बाकी गावाला एक तरी कळतो, नाहीतर पुष्कळ.

१९ सप्टेंबर, शुक्रवार

नानांची नात आली, आकांक्षा. बी. एस्सी. झाली, स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करते. आणखी पाचसहा मुली आहेत. शाळेच्या व्हरांड्यात बसतात, शिपाई झाडू घेऊन आला की उठतात. परतूरच्या अभ्यासिकेत जायला वडलांची परवानगी नाही. वडील म्हणाले, "गावात बसायला जागा असंल तर यंदा परीक्षा दे. न्हाई तर दिवाळीनंतर पाहुणे बलावतो." पाहुणे म्हणजे बघायला येणारे. जेवायला येणारे निराळे.

तिला फाट्यावरची खोली हवी आहे. आणि घाई आहे. रस्ता रुंद होतोय. ग्रामपंचायतीत ठरलंय: दहा ऑक्टोबरला पाहणी. जी खोली वापरात दिसेल तिला मागं सरकून जागा मिळेल. जी बंद, ती पडीक समजून जेसीबीला.

"काका, तुम्हीच बोला. तुमचं दोघं बी ऐकतेत."

"माझं कोण ऐकतंय?"

"तुमचं लाल सेनेचं वाचतेत ना दोघं." उठता उठता म्हणाली, "दोघंच वाचतेत."

मुलीला परीक्षेत यश येईल. वस्तुस्थिती नेमकी मांडते.

२१ सप्टेंबर, रविवार

दुसरा भाग. हुकूम क्रमांक २२७: एक पाऊलही मागं नाही. मागं हटणाऱ्यांना अडवायला सैन्याच्या पिछाडीला वेगळी पथकं उभी केली होती. वाटूरला अशा पथकाची गरज नाही. मागं हटायला आधी पुढं गेलेलं असावं लागतं.

२४ सप्टेंबर

शिष्टाई केली. वार्ताहरानं बातमी आणावी; मी निरोप नेतोय.

तातेराव: "मुलींनी शिकावं, माझा पाठिंबाच हाय. पर रखमाजीनं पयले त्याचं कुलूप काढावं. त्यानं काढलं की माझं काई अडत न्हाई."

रखमाजीनाना: "त्यानं पयले काढावं. आन् एकट्यानं यावं. तिथं कुणी हजर नको. तुम्ही पेपरवाले तर बिलकुल नको. त्याचं निघालं की मंग मी येतो."

स्टालिनग्राडच्या प्रतिहल्ल्याला एवढी गुप्तता होती. पत्र्याच्या खोलीच्या कुलपाला!

म्हटलं, नाना, तुमच्याच नातीचं वर्ष जाईल. म्हणाले, "माझी नात हाय, मला ठाव हाय." हात कमरेशी गेला. चावी करदोड्याला बांधलेली आहे. ज्या करदोड्याला लोक ताईत बांधतात त्याला.

अहंकार हा फार टिकाऊ पदार्थ आहे. पत्र्यापेक्षा नक्कीच.

२८ सप्टेंबर

तिसरा भाग. कमिसारांचा शेवट. संपादक म्हणतात, वाचकांचे दोन फोन आले. ते मला माहीतच आहेत. एक म्हणतो अन्याय केला, दुसरा म्हणतो उशिरा केला.

१ ऑक्टोबर, बुधवार

खंडेनवमी. नानांकडं गेलो. विळे, खुरपी, ट्रॅक्टरचे पाने, सगळं हळदकुंकू लावून मांडलेलं. मधोमध झेंडूच्या फुलाखाली ऑफिसची चावी! सुनेनं मांडली म्हणे. म्हटलं बरं झालं, करदोड्यातून तर सुटली. द्या आता.

"पूजेतली वस्तू हलवता येत न्हाई, शास्त्री. तुम्हाला म्या सांगावं का?"

उभ्या जन्मात ज्यानं देवापुढं हात जोडले नाहीत त्यानं मला, वेदान्त शिकलेल्या माणसाला, आज धर्म शिकवला. चावी तिथंच ठेवून परतलो. शास्त्र त्यांच्या बाजूनं होतं.

२ ऑक्टोबर

दसरा. तातेराव घरच्यांबरोबर नागपूरला दीक्षाभूमीवर. नाना आपट्याची पानं घेऊन आले. मला एक दिलं, आणि आणखी एक. "हे तातेरावला द्या. माझं नाव घिऊ नका."

४ ऑक्टोबर

पान दिलं. तातेरावांनी उलटसुलट केलं. "हे रखमाजीच्या बांधावरच्या झाडाचं हाय. मी दसरा मानत न्हाई." आणि खिशात ठेवलं.

५ ऑक्टोबर, रविवार

चौथा भाग. १९४३. क्रांतीत ज्या खांद्यावरच्या पट्ट्या फाडून फेकल्या होत्या त्या सेनेत परत आल्या. 'अधिकारी' हा शिवीसारखा झालेला शब्दही परत आला. माणसं कशाकशासाठी मरतात, आणि मग ते कपाटातून परत काढतात. हे वाक्य संपादकांनी कापलं. जागेअभावी. खाली मोतीबिंदू परतलाय.

७ ऑक्टोबर, मंगळवार

आज माझ्यासमोर झालं. आकांक्षा वह्या काखेत धरून ओट्याशी आली. नाना पेपर वाचत होते.

"नाना, तुमच्या लाल सेनेत बायका व्हत्या का?"

"व्हत्या म्हंजे? लाखांनी व्हत्या." नाना खुलले. "विमानं चालवायच्या. बंदुकीचा नेम तर असा, की जर्मनानं डोकं वर काढायची सोय न्हाई."

"शिकल्या कुठं हे सगळं?"

"शिकवलं की त्यान्ला. क्लब व्हते, शाळा व्हत्या."

"त्यान्ला कुलपं किती व्हती?"

मी उगाच समोरच्या बांधावरच्या आपट्याकडं बघू लागलो. नानांनी पेपराची घडी घातली. मग उठले, आत गेले. चावी घेऊन आले, अजून हळदकुंकवासकट. दसरा होऊन पाच दिवस झाले तरी पूजेतून उचललेली नव्हती.

"शास्त्री, तातेरावला सांगा. नऊ तारखेला सकाळी त्यानं त्याचं काढावं. एकट्यानं. नऊ वाजता मी येतो." आणि पुन्हा, "एकट्यानं, बरं का."

तातेरावांना सांगितलं. तारीख ऐकून हसले. "नऊ ऑक्टोबर. मुद्दाम काढली रखमाजीनं. हारकत न्हाई. कमिसारला घालवायचं तर तारीख बराबर हाय."

९ ऑक्टोबर, गुरुवार

'पेपरवाले बिलकुल नको' म्हटल्यावर पेपरवाल्यानं काय करावं, हे शास्त्रात स्पष्ट आहे. उजाडताच टपरीच्या मागं जाऊन बसलो.

तातेराव आले. धुतलेला सदरा, डोक्यावर टोपी. इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं. खिशात हात घातला नाही, चावी काढली नाही. आपलं कुलूप धरलं, खाली ओढलं. निघालं. कडीत नुसतं अडकवलेलं.

माझ्या हातातला चहा सांडला. तातेरावांनी मान वळवली.

"बसला का तिथं. वाटलंच व्हतं."

"कॉम्रेड, हे केव्हापासून?"

"पयल्या दिवसापासून." कुलूप सदऱ्याला पुसत होते. "लोक बघत व्हते म्हणून घातलं. चावी फिरवली न्हाई. रखमाजीला राग आला, तो उतरल. त्यानं त्याचं काढलं की दार उघडंच व्हतं. मी वाट पाहून राह्यलो व्हतो."

"मग सांगायचं ना त्यांना."

"कमिसारनं सांगायचं असतंय व्हय?" मग हळूच, "रखमाजीला बोलू नका. त्याला वाटंल, इतके वर्सं हा फुकट कमिसार झाल्ता."

सबंध तप मी या कुलपांवर विनोद केले. कधी हात लावून पाहिला नाही. गावानंही नाही. दोन कुलपं दिसली की आपण सगळे समजूतदार होतो.

बरोबर नऊला नाना आले, मागून आकांक्षा आणि मुली. नानांचं कुलूप खरं होतं, आणि गंजलेलं. टपरीवाल्यानं तेल दिलं. चावी फिरेना. तातेराव म्हणाले, "डावीकडं." नाना म्हणाले, "मला ठाव हाय." इतक्या वर्षांनंतरचा पहिला संवाद तो. मग चावी डावीकडं फिरली.

आत उंदीर, चार खुर्च्या, नकाशा, आणि मासिकांचे गठ्ठे. पहिलं आत कोणी जायचं यावर दोघं दारातच थांबले. आकांक्षा दोघांच्या मधून झाडू घेऊन आत गेली.

१० ऑक्टोबर

पाहणी झाली. साहेबांनी आत डोकावलं. सहा मुली, मान खाली घालून. वहीत 'वापरात' लिहिलं, निघून गेले. आता एकच कुलूप, चावी आकांक्षाकडं. पाहुण्यांना यंदा बोलावणं नाही. नकाशा कोणत्या भिंतीला लावायचा यावर दोन्ही कॉम्रेड भांडताहेत. म्हणजे बोलताहेत.

१२ ऑक्टोबर, रविवार

शेवटचा भाग आला. नाना ओट्यावर पेपर वाचत होते. मी सहजच – सहज कसला, खोडसाळपणे – म्हटलं, "नाना, तातेरावांचं कुलूप बाकी झटक्यात निघालं म्हणे. तेल नाही, गंज नाही."

नानांनी पान उलटलं. "त्यानं लावलंच न्हवतं. दुसऱ्याच दिवशी खेचून पाह्यलं व्हतं म्या."

"मग तुमचं का नाही काढलं?"

"माझं काढलं असतं तर त्याचं खोटं कुलूप साऱ्या गावानं पाह्यलं असतं." चष्मा पुसला, पुन्हा चढवला. "पेपरात टाकू नका. मला ठाव हाय, हे त्याला न्हाई ठाव."