नोरीनचं दुसरं मत

२५ मे
आबांना घरात बसवत नाही! वऱ्हाडातून लेकीकडे आयर्लंडला येऊन चार दिवस झाले नाहीत, तर आज मलिंगारमध्ये नोरीनबरोबर दारोदार प्रचाराला. नोरीन म्हणजे आमची शेजारीण—काउंटी कौन्सिलला, म्हणजे इथल्या जिल्हा परिषदेला, उभी आहे. पक्ष एवढासा, या भागापुरताच. मागणी एकच: मलिंगारला सरकारी विद्यापीठाचा कॅम्पस. नागरिकत्व नसलं तरी इथे राहणाऱ्याला कौन्सिलसाठी मत देता येतं, म्हणून आम्हा मराठी घरांनाही सध्या भाव आहे.

आबा खुशीत. त्यांचंही आयुष्य एका प्रादेशिक पक्षात गेलं, तालुक्याला विद्यापीठाचं उपकेंद्र मिळावं म्हणून मोर्चे काढण्यात. भूमिपूजनही झालं. मग पक्ष फुटला. आबा एका गटात, त्यांचे जिवलग विलासकाका दुसऱ्यात. श्रेय कुणाचं, कोनशिलेवर नाव कुणाचं—घोडं तिथेच अडलंय. दोघांत बोलणंही नाही.

२८ मे
आज एका दारावर डेस्मंडचं पोस्टर. तो नोरीनचा प्रतिस्पर्धी. आणि ही हसत विचारते, "पहिलं मत त्याला? ग्रँड! मग दुसरं मला द्याल?" इथे मतपत्रिकेवर १, २, ३ असे पसंतीचे आकडे लिहायचे. एकचा उमेदवार बाद झाला की मत दोनकडे जातं.

"विरोधकाच्या दारात उष्टं मागाचं?" आबा तणतणतच घरी आले.

१ जून
घात! काल मैत्रीण तन्वीकडे मराठी मंडळींच्या जेवणात आबांनी सगळ्यांना पढवून ठेवलं—"नोरीनले एक. बाकी कोरं सोडा. निष्ठा म्हंजे निष्ठा!" सगळ्यांनी माना डोलावल्या. पीएचडी करणाऱ्या अनिमेषनेसुद्धा!

नोरीनला सांगावंच लागलं. चिडली नाही. आबांना चहा दिला. "मी पडले म्हणून कॅम्पस का पडावा? डेस्मंडलाही तो हवाय. तो तिसरा उमेदवार, युअर मॅन, त्याला त्या जागेवर गोदामं बांधायचीत. माझ्यामागे डेस्मंडला दोन द्या." मी मराठीत सांगत गेले; 'युअर मॅन' म्हणजे इथे 'तो बाबा'. चहा तसाच निवला.

२ जून
आबा सकाळीच मफलर गुंडाळून तयार. मी गाडी चालवली. प्रत्येक मराठी घरी तेच—"मी चुकलो. दोन नंबर डेस्मंडले द्या." आबांच्या तोंडी 'चुकलो'! आईने हे ऐकायला हवं होतं. फार अभिमान वाटला मला त्यांचा.

७ जून
मत दिलं. नोरीन १, डेस्मंड २.

८ जून
मतमोजणी. नोरीन बाद. मला रडूच आलं. मग तिच्या मतांचे गठ्ठे दुसऱ्या पसंतीप्रमाणे वाटले गेले आणि डेस्मंड आला—अगदी काठावर! गोदामवाला युअर मॅन घरी! माइक हातात घेऊन डेस्मंडचं पहिलंच वाक्य: "कॅम्पस नोरीनचा. मी तो फक्त आणून देणार." आणि सगळ्यांत जोरात टाळ्या कोण वाजवतंय? नोरीन! काय बाई आहे!

आबा तिच्याकडे बघतच राहिले.

९ जून
सकाळी स्वयंपाकघरात आबा फोनवर. मी दाराशीच थांबले.

"विलास, मी पुरुषोत्तम. ठेवू नको. कोनशिलेवर तुयंच नाव राहू दे. मी तुया मागं उभा राहतो."