आभाळ काय तुझ्या बापाचं?

आबा, तुमच्या नातीला नोकरी लागली आहे. हैदराबादेत एका खासगी कंपनीत रॉकेटचं इंधन बनवणार आहे ती. उद्या निघते. गल्लीच्या तोंडाला फ्लेक्स लागलाय: तिचा फोटो एवढासा, निवडणुकीला उभं राहणाऱ्याचा हातभर आणि मागे धूर ओकणारं रॉकेट. ज्याची रॉकेटशी ओळख दिवाळीत बाटलीत उभं करण्यापुरती, तोसुद्धा मला गाठून सांगतो, "वैनी, कोल्हापूरचं नाव आभाळात गेलं की!" नाव गेलं की नाही ठाऊक नाही. आपल्या घरातून आभाळात काय काय गेलं, ते मात्र मला चांगलं ठाऊक आहे.

लक्ष्मीपुरीतलं आपलं फ्रीज दुरुस्तीचं दुकान. मी शाळेतून येते, दप्तर स्टुलावर टाकते. तुम्ही बनियनवर बसलेले, जुन्या फ्रीजची नळी कापता आणि फुस्स करून सगळा गॅस हवेत. त्याच दिवशी वर्गात बाईंनी सांगितलेलं असतं, की हा गॅस हळूहळू वर चढतो, तिथं त्यातला क्लोरीन सुटतो आणि उन्हातले घातक किरण अडवणारा ओझोनचा थर खातो. मी ते धडाधडा तुम्हाला म्हणून दाखवते. दुकानात एक गिऱ्हाईक बसलेलं. तुम्ही मान वर न करता म्हणता, "आभाळ काय तुझ्या बापाचं हाय व्हय?" गिऱ्हाईक खो खो हसलं. माझा बाप म्हणजे तुम्हीच, हे दोघांच्याही डोक्यात आलं नाही. तेव्हापासून तुमच्या त्या अडाणी मस्तीची मला चीड आहे, आणि तुम्ही मेलात म्हणून ती कमी झालेली नाही.

तुमच्यामागे दुकान मी चालवते. जुना गॅस हवेत न सोडता मशीन लावून सिलिंडरमध्ये भरून घेते. त्याला वेळ लागतो, म्हणून गिऱ्हाईक कुरकुरतं, शेजारचे मेकॅनिक दात काढतात. "सोडा की वैनी, कोण बघतंय!" सगळे तुमचेच अवतार. तो थर आता भरून येतोय म्हणतात. तो काही ह्यांना अक्कल आली म्हणून नव्हे, तुमच्या वेळचा तो गॅस बनवायचंच बंद केलं म्हणून.

आणि आता ही. परवा जेवताना मी विचारलं, तुझ्या त्या इंधनातून काय बाहेर पडतं? तर शांतपणे म्हणाली, "क्लोरीनच, मम्मी. पण आजोबांच्या फ्रीजच्या मानानं अगदी चिल्लर हाय."

"आज चिल्लर," मी म्हटलं. "उद्या रोज उठून रॉकेटं सोडाल तेव्हा? आजोबांचा गॅस वर पोचायला वर्षं लागायची. तुझा माल तर थेट घरपोच!"

ती ताट घेऊन उठली. "स्टँडवर यायचं न्हाय तर येऊ नको. मी जातो की एकटी. पण त्याचं खापर ओझोनवर फोडू नको."

मी बोलले त्यातलं एक अक्षर खोटं नाही, आबा. अजूनही तेच म्हणेन, तिच्या तोंडावर. हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही ते बरंच आहे, कारण पुढची ओळ मी तुम्हाला वाचू दिली नसती. हाच कारखाना इथं जवळ, कागलच्या एमआयडीसीत असता, तर मी तोंडातून ब्र काढला नसता. रोज पहाटे उठून तिला डबा करून दिला असता.