एका पायाचा मोजा

प्रिय टिल्ले,

हाक वाचून हसशील. आता तुझं डोकं माझ्या डोक्याच्या वर जातं, पोराची आई झालीस, तरी माझ्या तोंडात टिल्लीच बसली आहे. जित्याची खोड, दुसरं काय! बाबांनी फोन सोडून पत्र कशाला लिहिलं, असंही म्हणशील. तर फोनवर मला बोलता येत नाही, हे तुला ठाऊक आहे. तू 'जेवलात का' विचारतेस, मी 'हो' म्हणतो. मी 'पोरगा बरा आहे ना' विचारतो, तू 'हो' म्हणतेस. मग दोघंही आपले फोन कानाला लावून गप्प. म्हणून आज भरदुपारी टेबल पुसून लिहायला बसलोय. भरदुपारी मी घरी कसा, हे तुला खटकलं असेलच. सांगतो, पण माझ्या पद्धतीने, सगळे थांबे घेत घेत. मधूनच उडी मारायची नाही.

आपली म्हातारी आठवते ना? शाळेच्या बसला हे नाव तूच ठेवलं होतंस, आणि तेव्हा ती चांगली तरणीताठी होती. माझ्या शेजारी इंजिनावरच्या बॉनेटवर बसायचीस, खालून चटके बसले की एकदा हा पाय वर, एकदा तो पाय वर. तू शाळा सोडलीस, लग्न करून गेलीस, आई गेली, पण म्हातारी होती. खरं सांगू? आई गेल्यापासून घरात भांडं पडलं तर ते मीच पाडलेलं असतं. दुसरं कोणी नसतंच. सकाळी म्हातारीला धुवायला घेतलं की जरा जिवात जीव यायचा. काचा पुसायचो, पत्रा चमकवायचो, चाकांच्या बशासुद्धा घासायचो. इतर ड्रायव्हर चिडवायचे, की हिला आता टिकली तेवढी लावायची राहिली आहे. आणि एकदा पोरं चढली की जो कलकलाट सुरू व्हायचा, तो घरी आल्यावरही कानात बराच वेळ पुरायचा. तू फोनवर 'बाबा, इकडे या राहायला' म्हणायचीस, तेव्हा मी दर वेळी एकच सांगायचो, 'गाडी कोण चालवणार?' मला वाटायचं, याच्यापुढे कोणाला काही बोलता येणार नाही.

त्या पोरांत एक आहे, तिला मी मास्तरीणबाई म्हणतो. चौथीत आहे, पण सगळ्या गाडीला धाकात ठेवते. खिडकीतून हात काढू नका, कागद बाहेर टाकू नका, काका, तुम्ही सिग्नलला शिट्टी वाजवू नका. बसायची मात्र अगदी मागच्या बाकावर, कारण तिथून सगळे दिसतात. आणि खोकायची. पायऱ्या चढून मागे जाईपर्यंत तिला धाप लागायची, मग दप्तरातून दम्याचा पंप काढून तोंडात धरायची. मी आरशात बघून म्हणायचो, मास्तरीणबाई, भाषण कमी करा, खोकला आपोआप कमी होईल. तीही हसायची. मागच्या बाकाखालीच म्हातारीची धुराची नळी, आणि त्या खिडकीची काच बंदच होत नव्हती, पण माझ्या डोक्यात प्रकाश पडेल तर शपथ.

यंदा शाळेत विज्ञानाच्या नव्या बाई आल्या. पोरांना म्हणाल्या, आपण ज्या हवेत श्वास घेतो तिची चौकशी आपणच करायची. तुला शाळेचं फाटक आठवतं. आता तिथे सुटायच्या वेळी गाड्यांची ही रांग लागते, आणि सगळे इंजिन चालू ठेवून, गार हवा खात, मोबाइल बघत बसलेले. बाईंनी उपाय काढला तो भन्नाट होता. पांढरा मोजा गाडीच्या धुराच्या नळीवर चढवायचा, गाडी थोडा वेळ चालू ठेवायची, नळी गार झाली की काढून उलटा करून बघायचा. पोरांना ते काम म्हणजे जत्राच! घराघरांतून जोडी हरवलेले मोजे आले. मीही कपाट उपसलं. तुझा शाळेतला एक लांब पांढरा मोजा निघाला, गुडघ्यापर्यंतचा. त्याचा जोडीदारही होता, पण मी एकच नेला. का, ते विचारू नकोस. एक घरात राहू दे म्हटलं.

आणि माझी मिजास बघ. पालकांच्या गाड्यांना मोजे लावायचं ठरत होतं, तर मीच पुढे झालो. म्हटलं, आधी आमच्या म्हातारीला लावा. स्वच्छ गाडी कशी असते ते सगळ्यांना कळू दे. रोज धुतो, पुसतो, हिच्या पत्र्यात तोंड बघून भांग पाडून घ्या! तुझा मोजा मी स्वतःच्या हाताने चढवला, रबर लावला, ऐटीत जाऊन सेल्फ मारला. नंतर मीच तो काढला. टिल्ले, जळलेल्या तव्याची पाठ बरी. बोट लावलं तर बोट काळं, पुसलं तर रुमाल काळा. बाकीच्या गाड्यांचे मोजे कोणाचा राखाडी, कोणाचा धुरकट, पण माझ्या म्हातारीसारखा एकही नाही. एरवी मी शिंकलो तरी हसणारी पोरं, त्या दिवशी एकही हसलं नाही. तेच फार लागलं. आयुष्यभर मी गाडी बाहेरून धूत आलो गं. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा. फाटकापाशी पोरांची वाट बघताना मीसुद्धा तिला चालूच ठेवायचो. बंद केली आणि पुन्हा चालू झाली नाही तर पोरं ताटकळतील, असा माझा कळवळा!

पुढे पालकांची सभा ठरली. पोरं दोरीवर चिमट्यांनी मोजे टांगून दाखवणार आणि मास्तरीणबाई बोलणार. सभेच्या आदल्या दिवशी सगळे उतरून गेले तरी ती जागेवरून उठेना. मग माझ्याजवळ आली आणि हळूच म्हणाली, काका, तुमचा मोजा आम्ही नाही लावत. सगळ्यांनी मिळून ठरवलंय. बाईंना सांगू की हरवला.

आता खरं ते लिहितो. मला बरं वाटलं. क्षणभर का होईना, जीव भांड्यात पडला. कारण मला पुढचं सगळं दिसत होतं. मोजा दिसला की म्हातारी भंगारात जाणार, आणि म्हातारी गेली की मी. माझं वय केव्हाच उलटलं होतं. या गाडीचे नखरे दुसऱ्या कोणाला कळत नाहीत, म्हणून मला ठेवलं होतं. सकाळी उठून जायला एक जागा होती, ती जाणार होती. पण पोरगी समोर उभी, हातात तो पंप, आणि माझ्यासाठी खोटं बोलायला तयार! मला स्वतःचीच लाज वाटली. तिला म्हटलं, मास्तरीणबाई, मोजा लावायचा आणि सगळ्यात पुढे लावायचा. दुसऱ्यांच्या गाड्यांवर बोट ठेवायचं आणि काकांच्या गाडीवर पांघरूण घालायचं, असं केलंत तर तुमचं ऐकेल कोण? आणि मोठ्याने बोलायचं. नाकात धूर जातोय तुमच्या, तर बोलायचंही तुम्हीच. रडल्याशिवाय आईसुद्धा दूध पाजत नाही. तर ती म्हणाली, काका, पण मग तुम्ही? मी म्हटलं, माझी मुलगी आहे की मोठ्या शहरात, रोज बोलावते मला. फटकन निघून गेलं तोंडातून.

सभेला मी दाराशी उभा होतो. दोरीच्या टोकाला तुझा मोजा, सगळ्यांत लांब, सगळ्यांत काळा. मास्तरीणबाई छान सुरू झाली आणि मध्येच अडकली. धाप लागली. तिने सावकाश पंप काढला, तोंडात धरला, दम घेतला. मोठी माणसं खुर्चीवर चुळबुळ करत होती, कोणाला तिच्याकडे बघवेना. मग तिने शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जाईल असं सांगितलं, की हा मोजा आमच्या बसचा आहे. बस आमची आहे, काका पण आमचे आहेत. काकांनीच आम्हाला बोलायला सांगितलं. आम्हाला काका पाहिजेत, धूर नको. एवढं बोलून ती खाली बसली. टाळ्या वाजल्या. मी बाहेर जाऊन नळावर तोंड धुतलं.

ते लागू पडलं म्हणायचं. दुसऱ्या दिवसापासून फाटकाशी गाड्या बंद. कोणी चालू ठेवली तर पोरं काचेवर टकटक करून हात जोडतात, मग मोठे मोठे साहेबही मुकाट किल्ली फिरवतात. शाळेने विजेवरच्या बस घेतल्या. त्या आपले ड्रायव्हर घेऊनच आल्या, तरणे आहेत, चांगले आहेत. म्हातारीला न्यायला माणसं आली, तेव्हा ती पहिल्याच सेल्फला सुरू झाली गं! एरवी माझा घाम काढायची. मी तिला धुतली होती, सवयीने. मोठ्या बाईंनी निरोपसमारंभ केला, शाल दिली. पोरांनी चित्रं दिली. मास्तरीणबाईने मोजा परत दिला. म्हणाली, काका, खूप वेळा धुतला, पण पूर्ण जात नाही. तिचा खोकला अजून आहे. पण आता मागच्या बाकावर बसून खिडकी उघडते म्हणे.

तेव्हापासून मी घरी आहे. सकाळी सवयीने जाग येते, चहा होतो, आणि मग काय, हा प्रश्न कपाबरोबर धुवायला पडतो. नवी बस आपल्या कोपऱ्यावरून जाते, पण आवाजच नाही तिला, कधी जाते ते कळत नाही. म्हणून मी आधीच खिडकीत जाऊन उभा राहतो. पोरं हात करतात. मी केलेल्याचा मला पश्चात्ताप नाही, हे नीट वाच. पुन्हा वेळ आली तर पुन्हा तेच सांगेन. पण घर खायला उठतं, टिल्ले. तू म्हणशील, इतके दिवस फोनवर का नाही सांगितलं? तू विचारायचीस, 'गाडी काय म्हणते', आणि मी म्हणायचो, 'मजेत आहे'.

आता शेवटचा थांबा. मास्तरीणबाईला मी सांगितलं ना, की मुलगी रोज बोलावते म्हणून, ते खोटं होतं. तू बोलावायचीस, पण पूर्वी. माझं 'गाडी कोण चालवणार' ऐकून ऐकून तू कधी थांबलीस, ते मला कळलंही नाही. तुझी चूक नाही. दार किती वेळा वाजवायचं माणसाने? तिकडे तुझाही संसार आहे, जावईबापूंचं घर आहे, जागा लहान आहे, सगळं समजतं मला. पण चौथीतली पोरगी धाप लागली असताना भरसभेत बोलू शकते, आणि मला पोटच्या पोरीशी बोलायला महिना लागावा? मागे म्हणाली होतीस, नातू रात्री खोकतो, आणि त्याच्या शाळेच्या फाटकाशीही गाड्या धूर ओकत उभ्या असतात. त्याला सोडायला-आणायला मी चालत जाईन. दोन्ही मोजे पिशवीत टाकले आहेत, एक पांढरा, एक कधीच पांढरा न होणारा. तिकडच्या पोरांना दाखवायला होतील. बॉनेटवर बसवण्याइतकी जागा असली तरी मला पुरे, चटके बसले तर पाय वर घेईन. येऊ का गं?

तुझाच,
गाडी नसलेला बाबा